वेशीपासून नदीच्या रेतीपर्यंत

शाळेची सहल ठरली की नावे पुढे येतात ती लांबची : वेरूळ, अजिंठा, चिखलदरा. पण एका दिवसात, फारसा खर्च न करता, एक जुने शहर आणि एक नदी अशी दोन्ही पाहता आली तर? वाशीम जिल्ह्यात अशी एक सहल आहे. सकाळी कारंजा (लाड) हे शहर पाहायचे आणि दुपारी मानोऱ्याच्या वाटेने इंझोरीच्या परिसरात उतरून अडाण नदीचे खोरे पाहायचे. बरोबर एक वही, मोजपट्टी, सेकंद दाखवणारे घड्याळ, काचेचा एक पेला आणि दोराचे एक भेंडोळे घ्या. ती कशासाठी, ते पुढे कळेल.

दोन समुद्रांची वाट

मूर्तिजापूरहून कारंज्याकडे येताना आपण दक्षिणेला निघतो. याच वाटेने पूर्वी ‘शकुंतला’ ही छोटी आगगाडी यवतमाळपर्यंत जात असे. तिच्या दोन रुळांमधले अंतर अवघे ७६२ मिलिमीटर होते. वऱ्हाडचा कापूस वाहून नेण्यासाठी घातलेल्या या ११३ किलोमीटरच्या मार्गावर मँचेस्टरला १९२१ साली बनवलेले वाफेचे इंजिन १९२३ पासून १५ एप्रिल १९९४ पर्यंत धावले. त्यानंतर डिझेल इंजिन आले आणि पुढे गाडीच बंद पडली.

या प्रवासात एक गोष्ट घडते, पण ती डोळ्यांना दिसत नाही. मूर्तिजापूरच्या शिवारात पडलेला पावसाचा थेंब पूर्णा नदीला मिळतो, पूर्णेतून तापीत जातो आणि अखेर अरबी समुद्राला मिळतो. इंझोरीच्या शिवारात पडलेला थेंब मात्र अडाणेत जातो. तेथून पैनगंगा, वर्धा, प्राणहिता आणि गोदावरी असा प्रवास करून तो बंगालच्या उपसागरात पोचतो. म्हणजे या दोन गावांच्या मध्ये कोठेतरी अशी रेषा आहे की तिच्या एका बाजूचे पाणी पश्चिमेला आणि दुसऱ्या बाजूचे पूर्वेला जाते. अशा रेषेला जलविभाजक म्हणतात. तेथे उंच डोंगर असलाच पाहिजे असे नाही. साधा माळाचा चढही पुरतो. शाळेतल्या नकाशावर दोन्ही नद्यांचे ओहोळ शोधा आणि त्यांच्या मधून पेन्सिलीने ही रेषा काढून पाहा.

वेशीतून आत

कारंज्यात शिरल्यावर आधी वेशी पाहाव्या. जुन्या तटबंदीच्या चार वेशींची नावे आजही लोकांच्या तोंडी आहेत : दिल्ली वेस, दारव्हा वेस, मंगरूळ वेस आणि पोहा वेस. नावे नीट वाचली तर ध्यानात येईल, की ती रस्त्यांची फलकेच आहेत. ज्या वेशीतून जी वाट निघे तिचे नाव त्या वेशीला मिळाले. एक वाट जवळच्या पोह्याला जाते आणि एक थेट दिल्लीच्या दिशेला. हे गाव व्यापाराचे होते, हे सांगायला वेगळा पुरावा कशाला हवा?

परंपरेप्रमाणे श्रीनृसिंहसरस्वतींचे हे जन्मगाव, त्यामुळे गुरुमंदिरात यात्रेकरूंची सतत ये-जा असते. जवळच जैनांची काष्ठासंघ, सेनगण आणि बलात्कारगण अशी तीन जुनी मंदिरे आहेत. काष्ठासंघ मंदिरातले लाकडी कोरीवकाम शांतपणे पाहावे. पण या मंदिरांची खरी दौलत म्हणजे तेथील हस्तलिखितांचे भांडार. दहाव्या शतकातील पुष्पदंत या कवीचे अपभ्रंश भाषेतले काव्य ‘जसहरचरिउ’ १९३१ साली प. ल. वैद्य यांनी संपादित केले आणि ते कारंज्याच्या ग्रंथमालेत छापले गेले. पाठोपाठ हिरालाल जैन यांनी ‘णायकुमारचरिउ’, ‘करकंडचरिउ’ अशी काव्ये प्रसिद्ध केली. प्राकृत भाषा आणि आजच्या मराठी-हिंदीसारख्या भाषा यांच्यामधला दुवा म्हणजे अपभ्रंश. वाळवीपासून आणि ओलीपासून शेकडो वर्षे कोणीतरी या पोथ्या जपल्या, म्हणून आपल्या भाषेचा इतिहास वाचता आला.

कस्तुरीचा चुना

येथल्या एका जुन्या वाड्याला लोक कस्तुरीची हवेली म्हणतात. एका सावकाराने उंटांवरून आलेली सगळी कस्तुरी विकत घेऊन बांधकामाच्या चुन्यात मिसळली, अशी आख्यायिका आहे. ती खरी की खोटी हे ठरवणे इतिहासकारांचे काम. आपण विज्ञानाचा प्रश्न विचारू. इतका काळ वास टिकेल काय? कस्तुरीचा वास ज्यामुळे येतो त्या मस्कोन या पदार्थाच्या रेणूत कार्बनचे १६ अणू असतात. एवढा मोठा रेणू हळूहळू उडतो, म्हणून अत्तरात कस्तुरीचा वास इतर वासांच्या मागे रेंगाळतो. पण ‘हळूहळू’ म्हणजे ‘कधीच नाही’ असे नव्हे. शतकानुशतके उघड्या भिंतीत तो राहील, ही आशा धरणे कठीण आहे.

चुन्याची गोष्ट मात्र आख्यायिकेपेक्षाही नवलाची आहे. चुनखडी भट्टीत सुमारे ९०० अंश सेल्सिअसला भाजली, की तिच्यातला कार्बन डायॉक्साइड निघून जातो आणि कळीचा चुना उरतो. पाणी घातले की तो रटरटून फुलतो. मग रेती मिसळून घाणीत मळून तो भिंतीत भरतात. पुढे वर्षानुवर्षे हा चुना हवेतला कार्बन डायॉक्साइड परत शोषून घेतो आणि पुन्हा दगड बनतो. म्हणजे जुनी भिंत वयाबरोबर घट्ट होत जाते. यातला एक शब्द वहीत अधोरेखित करून ठेवा : रेती. वाड्याच्या भिंतीलाही ती लागली आणि ती आली कोठून, तर एखाद्या नदीच्या पात्रातून.

नळातली नदी

शहर सोडण्यापूर्वी ऋषी तलाव पाहून घ्या. पूर्वीच्या गावांची तहान तलाव, विहिरी आणि बारव भागवत. तलावातले पाणी जमिनीत मुरे आणि आसपासच्या विहिरींना झरे फुटत. आज कारंज्याच्या नळाला पाणी येते ते अडाण धरणातून. सुमारे ३० मीटर उंच आणि ७५५ मीटर लांब असे हे मातीचे धरण १९७७ साली पुरे झाले. तेव्हा शहर आणि नदी ही सहलीची दोन वेगळी ठिकाणे नाहीत. सकाळी कारंज्यात जे पाणी प्यालात त्याच नदीच्या भेटीला आता निघायचे आहे.

इंझोरीच्या शिवारात

गावात उतरल्यावर एखाद्या जाणत्या शेतकऱ्याला बरोबर घ्या. “काकाजी, पात्राकडे कोणत्या धुऱ्याने जावे?” असे विचारले तर कोणीही आनंदाने वाट दाखवील. वाटेत काळ्या जमिनीच्या भेगा पाहा. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थरावर थर पसरून दख्खनचा काळा दगड बनला आणि तो झिजून ही माती झाली. तिच्यातली चिकणमाती पाणी पिऊन फुगते आणि वाळली की आकसते. मोजपट्टी भेगेत घालून खोली मोजा. पहिला पाऊस या भेगांतूनच खाली उतरतो. भेगा मिटल्या की मात्र पाणी वरून वाहू लागते आणि नदीला पूर येतो.

अडाण ही पावसाळी नदी आहे. उन्हाळ्यात तिचे पात्र रेतीचे आणि मधूनमधून डोहांचे असते. पाणी तापले की त्यात प्राणवायू कमी विरघळतो : २० अंशांना एका लिटरमध्ये सुमारे ९ मिलिग्रॅम, तर ३५ अंशांना सुमारे ७ मिलिग्रॅम. आटत्या डोहात म्हणूनच अनेक मासे तगमगून मरतात. मरळ मासा मात्र पृष्ठभागावर येऊन हवेतला प्राणवायू घेतो, त्यासाठी त्याच्या डोक्यात खास कप्पे असतात. डोहाच्या काठी दहा मिनिटे गप्प बसलात तर पाण्यावर येणारे बुडबुडे आणि तोंडे दिसतील. भोई मंडळींना हे ज्ञान पिढ्यान्‌पिढ्यांपासून आहे. वऱ्हाडातल्या नद्यांच्या अशाच रेतीत उन्हाळ्यात डांगरवाड्या लावतात. वरून रखरखीत दिसणाऱ्या रेतीत रसाळ फळ कसे येते? वेलाच्या मुळांना खालची ओल सापडते म्हणून.

रेतीतली तिजोरी

ही ओल म्हणजे किती पाणी? काचेचा पेला कोरड्या रेतीने काठोकाठ भरा आणि त्यात मोजून पाणी घाला. पेल्याच्या सुमारे तिसऱ्या हिश्शाइतके पाणी रेतीच्या कणांमधल्या पोकळीत मावेल. त्यातले थोडे कणांना चिकटून राहते आणि सुमारे पाव हिस्सा आपल्याला परत मिळू शकतो.

आता एक गणित करू. समजा, नदीचे पात्र ३० मीटर रुंद आहे, त्यात सरासरी २ मीटर जाडीची रेती आहे आणि आपण १ किलोमीटर लांबीचा तुकडा घेतला. रेती झाली ६०,००० घनमीटर. तिचा पाव हिस्सा म्हणजे १५,००० घनमीटर, अर्थात दीड कोटी लिटर पाणी. ग्रामीण भागात दर माणशी दररोज ५५ लिटर हे शासनाचे माप आहे. दोन हजार वस्तीच्या गावाला दिवसाला १,१०,००० लिटर लागतील. भागाकार करा : १३६ दिवस! पहिल्या फेब्रुवारीला हिशेब सुरू केला तर हे पाणी जूनच्या मध्यापर्यंत, म्हणजे मृगाचा पाऊस येईपर्यंत पुरते.

शिवाय ही तिजोरी झाकलेली असते. मे महिन्याच्या उन्हात उघड्या पाण्याची पातळी रोज एक सेंटिमीटरच्या आसपास उतरू शकते. रेतीखालच्या पाण्याला मात्र वरची कोरडी रेती उन्हापासून वाचवते. नदीत झिरा उकरून पाणी भरणाऱ्या बायाबापड्यांना हे गणित माहीत नसेल, पण त्याचे उत्तर ठाऊक होते.

आता सकाळी अधोरेखित केलेला शब्द आठवा. घरे बांधायला रेती लागतेच. पूर्वी ती बैलगाडीने येई आणि पुढच्या पुरात तेवढी भरून निघे. आज यंत्राने उपसा होतो. वरच्या गणितात रेती २ मीटरऐवजी १ मीटर धरा. पाणी ६८ दिवसांचे, म्हणजे एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात तिजोरी रिकामी! उन्हाळा तर तेव्हा कोठे सुरू होत असतो. काठच्या विहिरीही याच रेतीतून पाझरणाऱ्या पाण्यावर तग धरतात. अर्थात आपले गणित सोपे केलेले आहे. त्यात गुरांचे आणि ओलिताचे पाणी धरले नाही, तसेच वरून येणारा पाझरही धरला नाही. पण उत्तराची दिशा बदलत नाही. रेती नेणारी गाडी रेतीबरोबर पाण्याची जागाही घेऊन जाते.

नदीचा वेग मोजा

परतण्यापूर्वी एक प्रयोग. पाणी उथळ आणि संथ वाहत असेल तेव्हाच, आणि शिक्षक बरोबर असतानाच तो करावा. धरणाच्या खोल पाण्यात किंवा पुराच्या वेळी कदापि उतरू नये. दोराने काठावर १० मीटर मोजा आणि एक वाळकी काडी पाण्यात सोडा. समजा, तिला २० सेकंद लागले. पृष्ठभागाचा वेग सेकंदाला अर्धा मीटर झाला. तळाशी पाणी सावकाश जाते म्हणून त्याला ०.८५ ने गुणा : ०.४२५. पात्र ६ मीटर रुंद आणि सरासरी ०.४ मीटर खोल असेल तर तिन्हींचा गुणाकार सुमारे १ घनमीटर येतो, म्हणजे सेकंदाला हजार लिटर. आपल्या मापानुसार एका सेकंदात अठरा माणसांचे दिवसभराचे पाणी तुमच्या डोळ्यांपुढून गेले!

ही मापे वहीत तारखेसह लिहून ठेवा. दरवर्षी त्याच महिन्यात, त्याच जागी, पुढच्या वर्गातल्या मुलांनी पुन्हा मोजावे. रेतीची जाडीही एखाद्या खड्ड्यात मोजावी. पाच वर्षांनी तुमच्या शाळेजवळ असे एक हस्तलिखित तयार होईल की ज्यात नदीचा इतिहास असेल. कारंज्याच्या भांडारातल्या पोथ्या जपणाऱ्यांनी भाषा वाचवली. तुमची वही वाचून गावाची ग्रामसभा नदीबद्दल चार प्रश्न विचारू लागली, तर तीही तितकीच जपून ठेवण्यासारखी होईल. आणि तुमचे गाव इंझोरीपासून दूर असले म्हणून काय झाले? नदी किंवा नाला तुमच्याही गावाजवळ असेलच. पुढच्या रविवारी दोर आणि पेला घेऊन निघा.