टाचणीची साक्ष

एमिल केस्टनर हे जर्मनीच्या सॅक्सनी प्रांतातील खोगीर शिवणारे कुशल कारागीर. हात सोन्याचा, पण व्यवहाराची दृष्टी नाही. त्यांच्या हातची वस्तू वर्षानुवर्षे टिके. दुकान मात्र टिकले नाही. अखेर ते पत्नी इडासह ड्रेस्डेनला आले आणि बॅगांच्या कारखान्यात पगारावर राबू लागले. तेथेच 23 फेब्रुवारी 1899 रोजी त्यांच्या घरी एरिष जन्मला.

इडाबाईंनी मुलाला शिकवायचेच, असा निश्चय केला. घरातील खोली शिक्षकांना भाड्याने दिली. पस्तिशीच्या सुमारास केशरचनेचे काम शिकून घरीच तो धंदा मांडला. कष्टांनी मन खचले की त्या चिठ्ठी लिहून घराबाहेर पडत. मग लहानगा एरिष जिवाच्या आकांताने एल्ब नदीच्या पुलांवर त्यांना शोधत धावे. पुढे मोठेपणी आपल्या बालपणावर लिहिताना त्याने हेही लपवले नाही.

पहिल्या महायुद्धातील सक्तीच्या लष्करी शिक्षणाने एरिषचे हृदय कायमचे दुबळे केले. 1925 मध्ये लाइपझिगला डॉक्टरेट मिळाली; पुढे तेथील वृत्तपत्रातील नोकरी गेली, तेव्हा तो बर्लिनला आला. प्रकाशक एडिथ याकोबसोन यांनी मुलांसाठी लिहिण्याचे सुचवले आणि 1929 मध्ये ‘एमिल आणि गुप्तहेर’ ही कादंबरी अवतरली.

नायकाला नाव वडिलांचे, आणि त्याची आई केशरचना करणारी! ती आजीसाठी व प्रवासखर्चासाठी 140 मार्क देऊन मुलाला बर्लिनला धाडते. मुलगा ते पाकीट कोटाच्या अस्तराला टाचणीने टोचून ठेवतो. तरी आगगाडीत डोळा लागताच चोरी होते. बर्लिनची मुले एकजुटीने चोराचा माग काढतात. पण नोटा आपल्याच, हे सिद्ध कसे करायचे? नोटांवरील टाचणीची भोके साक्ष देतात. पैपैचा हिशेब ठेवणाऱ्या घरात वाढलेल्या लेखकालाच असा पुरावा सुचावा.

10 मे 1933 रोजी बर्लिनमध्ये नाझींनी पुस्तकांची होळी केली. ‘एमिल’ तेवढे वाचले. केस्टनरांची इतर पुस्तके ज्वालांत गेली. आपले नाव पुकारले जाताना ते स्वतः गर्दीत उभे होते. अनेक सहकारी देशाबाहेर गेले, ते गेले नाहीत. आईला सोडवत नव्हते, हेही एक कारण होते. गेस्टापोने दोनदा चौकशीला नेले, देशात लिहिण्यावर बंदी आली. 1931 च्या चित्रपटात छोट्या ‘मंगळवार’ची भूमिका करणारा हान्स ल्यॉर पुढे सैनिक म्हणून रशियन आघाडीवर मारला गेला. 1944 मध्ये बॉम्बहल्ल्यात केस्टनरांचे बर्लिनमधील घर पुस्तकांसह जळाले.

युद्धानंतर ते म्युनिकला स्थायिक झाले. 1949 मध्ये दोन पुस्तके आली. एकात माणसांच्या निष्फळ परिषदांना कंटाळलेले प्राणी मुलांसाठी स्वतःच परिषद भरवतात. दुसऱ्यात विभक्त आईवडिलांच्या जुळ्या मुली परस्परांची जागा घेऊन घर पुन्हा जोडतात. 1960 मध्ये त्यांना हान्स क्रिस्तियान अँडरसन पदक मिळाले. 29 जुलै 1974 रोजी म्युनिकमध्ये त्यांचे निधन झाले.

जुळ्या मुलींची ती कथा हॉलिवूडमार्गे तमिळमध्ये आणि तेथून हिंदीत आली. 1968 च्या ‘दो कलियाँ’ मधील बालवयीन नीतू सिंगची दुहेरी भूमिका घरातील वडीलधाऱ्यांना आठवत असेल. तिचे मूळ या केस्टनरांच्या पुस्तकात आहे.