समुद्रातलं तेल आणि साडेतीन गुंठे

पनवेलहून रात्री उरणकडे निघालं की ओएनजीसीच्या प्रकल्पाची ज्योत लांबूनच दिसू लागते. गाडीत लहान मूल असेल तर हमखास विचारतं, तिथं काय जळतंय? यंत्रणेला त्या घडीला सुरक्षितपणे पेलता येत नाही तेवढा गॅस जाळून टाकतात, एवढं उत्तर मुलाला पुरतं. मोठ्यांना मात्र समुद्रात १६० किलोमीटर आत जावं लागतं, आणि थोडं इराणलाही.

फेब्रुवारी १९७४ मध्ये, जपानमध्ये बांधलेल्या ‘सागर सम्राट’ या समुद्री खोदयंत्रणेनं मुंबईच्या पश्चिमेला सुमारे ७५ मीटर पाण्याखाली तेल शोधलं. २१ मे १९७६ ला या बॉम्बे हाय तेलक्षेत्रातून तेल निघू लागलं, आणि १९७८ मध्ये समुद्रतळावरून नळ उरणच्या किनाऱ्याला लागले. त्याच वर्षाच्या अखेरीला इराणच्या तेल कामगारांनी संप केला. जानेवारी १९७९ मध्ये क्रांतीमुळे इराणचे राजे शहा देश सोडून गेले. दिवसाला साठ लाख पिंपांच्या घरात असलेलं इराणचं उत्पादन दोनेक वर्षांत पंधरा लाखांवर आलं. जगात पिंपाचा भाव तेरा डॉलरवरून तीसच्या पुढे गेला.

आपल्याकडे रॉकेलच्या रांगा लागल्या. त्यात आसाममध्ये आंदोलन पेटलं, तिथून येणारं तेलही अडलं. १९८०-८१ मध्ये निर्यातीतून मिळालेल्या दर शंभर रुपयांतले पंचाहत्तरहून अधिक तेलाच्या आयातीत गेले. १९८१ मध्ये सरकारला आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडे हात पसरावा लागला. मग बॉम्बे हायवर जोर लावला. देशाचं तेल उत्पादन १९८०-८१ मध्ये एक कोटी पाच लाख टन होतं, ते १९८४-८५ मध्ये दोन कोटी नव्वद लाखांच्या आसपास पोचलं. नाणेनिधीकडून मंजूर झालेल्या कर्जाचा शेवटचा भाग भारतानं उचललाच नाही, त्यामागे हे तेलही होतं.

विहिरीतून निव्वळ तेल वर येत नाही. तेल, गॅस आणि पाणी एकत्र येतं. समुद्रातल्या फलाटावरच्या मोठ्या टाक्यांत त्यांची पहिली फोड होते आणि दोन वेगळे नळ तेल आणि गॅस उरणला आणतात. तेलात विरघळलेले हलके वायू तिथं काढून घेतात, नाहीतर ते टाकीत साठवणं धोक्याचं असतं. शांत झालेलं तेल खाडीपलीकडे ट्रॉम्बेला, माहूलच्या शुद्धीकरण कारखान्यांकडे जातं. गॅसची फोड आणखी बारीक असते. तो अतिशय थंड केला की त्यातले जड घटक द्रवरूप होऊन खाली बसतात. स्वयंपाकाच्या सिलिंडरमधला गॅस हा त्यातलाच. इथेन आणि प्रोपेन नागोठण्याला प्लास्टिकच्या कच्च्या मालासाठी जातात. उरलेल्या कोरड्या गॅसवर उरणचं वीजकेंद्र चालतं, थळच्या कारखान्यात युरिया होतो आणि मुंबईच्या रिक्षा धावतात. समुद्रातले हे फलाट लाटांचा मारा किती वर्षं सोसतील, दमलेल्या विहिरीतून आणखी तेल कसं काढायचं, याचा अभ्यास करणाऱ्या ओएनजीसीच्या दोन संस्था आपल्या पनवेलमध्येच आहेत.

आता पैशाचा नळ पाहू. जमिनीवर तेल निघालं तर त्याचं स्वामित्वधन, म्हणजे रॉयल्टी, राज्याला मिळते. गुजरात आणि आसामला ती मिळते. समुद्रातल्या तेलाची गोष्ट वेगळी. राज्यघटनेच्या २९७ व्या कलमानुसार समुद्राखालची संपत्ती केंद्राची. त्यामुळे बॉम्बे हायची रॉयल्टी केंद्राकडे जाते, १९७४ च्या कायद्यानं लावलेला उपकरही केंद्राकडेच. महाराष्ट्राच्या आणि उरणच्या वाट्याला कारखाने आले, काही नोकऱ्या आल्या, आणि जमिनीखालून जाणारे नळ आले.

इराणनंही क्रांतीनंतर तेल आणि मोठे उद्योग सरकारकडे ठेवले, परदेशी कंपन्यांना सवलती द्यायला घटनेनंच मनाई केली, बँकांचं राष्ट्रीयीकरण केलं. ‘जिहादे साजंदेगी’ या संघटनेनं खेड्यापाड्यांत रस्ते आणि वीज नेली, हे काम खरंच मोठं होतं. पण तेल ज्या खुजेस्तान प्रांतातून निघतं, तिथंच १९८० मध्ये इराकचं युद्ध कोसळलं. आबादानचा तेलशुद्धीकरण कारखाना उद्ध्वस्त झाला. तेलाचा पैसा तेहरानमध्ये मोजला जायचा, आणि आपल्या भागाच्या वाट्याला त्यातलं फार थोडं आलं, ही खुजेस्तानची तक्रार आजही संपलेली नाही.

पनवेल-उरणच्या आगरी, कोळी, कराडी माणसाला हे समजायला फार वेळ लागत नाही. तेलावर त्याचा हक्क नव्हताच. त्याच्या हातात होती भातशेती आणि मिठागरं, आणि त्यावर १९७० मध्ये स्थापन झालेल्या सिडको या सरकारी कंपनीनं नवी मुंबईसाठी बोट ठेवलं. ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतली ९५ गावं त्यात आली. जमीन स्वस्तात घेऊन, विकसित करून महाग विकली जाणार असेल, तर त्या वाढीव किमतीत मूळ मालकाचा वाटा किती, हा शेतकऱ्यांचे नेते दि. बा. पाटलांचा प्रश्न होता. १६ आणि १७ जानेवारी १९८४ ला जासईच्या परिसरात पोलिसांच्या गोळीबारात पाच शेतकरी गेले. त्यानंतर साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचं धोरण १९९० मध्ये आलं.

त्याचा हिशेब असा. एक एकर गेला, म्हणजे ४० गुंठे. त्याचे साडेबारा टक्के, ५ गुंठे. त्यातून सार्वजनिक सोयींसाठी ३० टक्के वजा. सातबाऱ्यावर नाव असलेल्या शेतकऱ्याच्या हाती, तेही भाडेपट्ट्यानं, साडेतीन गुंठे.