पाणी मारुतीच्या कमरेपर्यंत

ज्येष्ठ शुद्ध प्रतिपदेपासून दशमीपर्यंत गंगादशहरा उत्सव चालतो. भगीरथाच्या तपाने स्वर्गीची गंगा या दशमीस भूतलावर अवतरली, अशी पुराणांची साक्ष आहे. गोदावरीला दक्षिणगंगा हे नामाभिधान आहेच. पण नाशिककर त्यातले 'दक्षिण' हे विशेषण लावण्याच्याही भानगडीत पडत नाही. तो स्नानाला निघाला म्हणजे 'गंगेवर जाऊन येतो' एवढेच घरात सांगतो. अशा गावात हा उत्सव मनोभावे साजरा व्हावा यात नवल नाही. मात्र उत्सवाच्या काळाकडे आपले लक्ष सहसा जात नाही. मृग नक्षत्राच्या आगेमागे, पावसाळा दाराशी येऊन ठेपला असता, पूर्वजांनी नदीपूजेचे हे दहा दिवस योजले. आज जिची आपण ओटी भरतो, ती दोन महिन्यांनी आपल्या ओट्यावर येऊन उभी राहण्याचा संभव असतो. तेव्हा तिच्या त्या आगमनाची तयारी कोणती, हा प्रश्न दशहऱ्याच्या निमित्ताने विचारणे अप्रस्तुत ठरू नये.

पूजा आणि सावधगिरी ही दोन निराळी खाती आहेत, एक उपाध्यायांचे आणि दुसरे महापालिकेचे, अशी आजची समजूत आहे. कौटिल्याची तशी नव्हती. त्याच्या अर्थशास्त्राच्या चौथ्या अधिकरणात 'उपनिपातप्रतीकार' नावाचे प्रकरण आहे. उपनिपात म्हणजे अकस्मात कोसळणारे संकट. अग्नी, पाणी, रोगराई, दुष्काळ, उंदीर, हिंस्र श्वापदे, सर्प आणि राक्षस अशी आठ महाभये तेथे गणली आहेत. पुराविषयी तो सांगतो की, पाणथळ प्रदेशातील गावांनी पावसाळ्याच्या रात्री पुराची मर्यादा सोडून राहावे. लाकडे, वेळू आणि नावा जवळ बाळगाव्यात. वाहून चाललेल्याला भोपळे, चामडी पखाली, तराफे यांच्या साहाय्याने तारावे. जो मदतीस धावणार नाही त्याला बारा पण दंड करावा. मात्र ज्याच्यापाशी तरंगण्याचे साधनच नाही त्याला दंड नाही. एवढे सांगून झाल्यावर त्याच दमात, पर्वकाळी नदीची पूजा करवावी, असे वचन येते. अनुक्रम ध्यानात घेण्याजोगा आहे. आधी नाव आणि भोपळा, मग पूजा. साधनहीनाला दंडातून वगळणारी ती बारीकशी सवलत तर मला फार मोलाची वाटते. राजाने साधन पुरविल्यावाचून प्रजेला कर्तव्याचा उपदेश करू नये, असा तिचा अर्थ मी लावतो.

नाशिकने आपले पूरमापन शब्दशः देवावर सोपविले आहे. पंचवटीत गंगेच्या पात्रातच दुतोंड्या मारुती उभा आहे. पाणी मारुतीच्या पायाला लागले, गुडघ्याशी आले, कमरेला भिडले, छातीपर्यंत चढले, ही या गावाची परिभाषा. तीतला एकेक शब्द म्हणजे एकेक आज्ञा असे. पायाशी पाणी आले की घाटावरच्या टपऱ्या हलवायच्या. कमरेशी आले की भांडीबाजारातील व सराफ बाजारातील दुकानदारांनी माल माडीवर चढविण्याच्या तयारीस लागायचे. आणि मारुती दिसेनासा झाला की मग कोणाला काही सांगावे लागत नसे. पलीकडे १७४७ मध्ये नारोशंकर राजेबहादूर यांनी बांधलेल्या रामेश्वर मंदिराच्या दर्शनी भिंतीत ती प्रसिद्ध घंटा आहे. वसईच्या विजयाची ती खूण; परंतु पाणी तिला लागले म्हणजे महापूर समजावा, असाही तिचा संकेत लोकांनी ठरवून टाकला. १९६९ चा महापूर पाहिलेली पिढी अजून आपल्यात आहे. १९ सप्टेंबर २००८ चा पूर तर मध्यमवयीन माणसांनाही स्पष्ट आठवतो, आणि ४ ऑगस्ट २०१९ च्या पुराची छायाचित्रे अनेकांच्या संग्रही असतील.

मारुती आहे तेथेच उभा आहे. बदलले ते गाव. १९८२ मध्ये महानगरपालिका झाली, तेव्हा नाशिकरोड, देवळाली, सातपूर आणि आसपासची खेडी एका छत्राखाली आली. २००१ च्या जनगणनेत १० लाख ७७ हजार असलेली वस्ती २०११ मध्ये १४ लाख ८६ हजारांवर गेली. दहा वर्षांत चार लाख माणसे! त्यांतली कितीतरी सातपूर-अंबडच्या कारखान्यांत पोटापाण्यासाठी आली. कोणी खानदेशातून आले, कोणी मराठवाड्यातून, कोणी उत्तरेकडून. त्यांचे स्वागतच आहे. तीर्थक्षेत्राने पाहुण्याला परका म्हणावे हे शोभत नाही. परंतु 'पाणी कमरेपर्यंत आले' हे वाक्य त्यांच्या कानी पडले तर त्यांना काय कळावे? संकेत ठरविणारे संपत चालले आणि संकेत न जाणणारे वाढत चालले, असा हा प्रकार आहे.

त्याहून गंभीर गोष्ट निराळीच. पूर्वी पाऊस शेतात पडे, मळ्यात पडे, तपोवनातल्या झाडोऱ्यात पडे. तेथे तो मुरे, रेंगाळे आणि सावकाश नदीस मिळे. आज तो गच्चीवर, डांबरावर आणि फरसबंदीवर पडतो, आणि क्षणात गटारातून नदीकडे धावत सुटतो. मारुतीच्या गुडघ्यापासून छातीपर्यंत पाणी चढण्यास जो अवधी मिळे, तो त्यामुळे आखडतो. अंतर तेवढेच, वेळ मात्र कमी. मोजपट्टी तीच ठेवून घड्याळ पुढे ढकलावे तसे हे झाले आहे. गावातील ओढ्यांची अवस्था पाहावी. अरुणा आणि वरुणा ही नावे आपण तीर्थमाहात्म्यात आदराने घेतो. त्यांतली वरुणा आज वाघाडी नावाचा नाला झाली असून अरुणा तर जमिनीखाली झाकली गेली आहे. सराफ बाजार आणि दहीपूल या भागात कित्येकदा पाणी शिरते ते गंगेचे नसतेच. झाकलेला सरस्वती नाला मुसळधार पावसात आपली जुनी वाट शोधीत वर येतो. नाव सरस्वती, आणि गुप्त होण्याची खोडही तीच!

वर, गंगापूर धरण आहे, मग भय कसले, असे पुष्कळांना वाटते. धरणाचे कामच पेचाचे आहे. नगराची तहान भागवायची तर ते भरलेले हवे. पूर पोटात घ्यायचा तर ते काही अंशी रिकामे हवे. त्यातून गाळाने त्याची साठवण मूळ ७,२०० दशलक्ष घनफुटांवरून सुमारे ५,६०० पर्यंत उतरली आहे. शिवाय धरण आणि गाव यांच्या दरम्यान पडणारा पाऊस धरणाला विचारून पडत नाही. म्हणून धरणातून इतके क्यूसेक पाणी सोडले, एवढीच बातमी ऐकून स्वस्थ बसू नये. अहिल्यादेवी होळकर पुलाखालून किती वाहते आहे, तो आकडा विचारावा. २०१६ सालाने तर आपल्याला दोन्ही टोके एकाच पंचांगात दाखविली. त्या वर्षी एप्रिलात, ऐन पाडव्याच्या सुमारास, रामकुंड कोरडे पडले. तळ उघडा पडला आणि भाविकांच्या स्नानासाठी टँकरने पाणी आणून ओतावे लागले. पुढे चारच महिन्यांनी, ऑगस्टच्या आरंभी, त्याच रामकुंडावरून पुराचे पाणी वाहत होते. कुंडाच्या तळाशी सिमेंट काँक्रीट ओतल्यामुळे जिवंत झरे बुजले, अशी तक्रार नदीप्रेमी मंडळी कित्येक वर्षे करीत आली. प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. स्नानाची सोय करण्याच्या उत्साहात स्नानाचे पाणीच आपण अडवावे, हा विनोद मात्र करुण आहे.

दशहरा या शब्दाचा अर्थ दहा पापे हरण करणारी तिथी. तीन कायेची, चार वाणीची, तीन मनाची. कीर्तनात ही यादी सांगताना श्रोते समंजसपणे माना डोलावतात, कारण ती पापे शेजाऱ्याची आहेत असे प्रत्येकाला वाटते. कायिक पापांतले पहिले 'अदत्तोपादान', म्हणजे न दिलेले घेणे. चोरी एवढाच याचा अर्थ घेण्याचे कारण नाही. पाटबंधारे खात्याने नदीकाठी दोन रेषा आखल्या आहेत. पंचवीस वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची निळी, आणि शंभर वर्षांतून एकदा येऊ शकणाऱ्या पुराची लाल. निळ्या रेषेच्या आतली भूमी नदीची. ती तिने कोणाला दिलेली नाही, आणि नदीने न दिलेली भूमी कागदोपत्री कोणी दिली तरी ती अदत्तच राहते. तेथे भराव टाकून भिंत उभारणारा, त्याला परवानगी मिळवून देणारा आणि स्वस्त मिळाले म्हणून डोळे मिटून घेणारा, यांनी दशमीस कितीही बुड्या मारल्या तरी पहिले पाप धुऊन निघेल, असे मला कोणत्याही निबंधग्रंथात आढळलेले नाही.

वाणीच्या पापांत शेवटचे आहे 'असंबद्ध प्रलाप'. याचे नाव आज अफवा. संकटात पाण्याइतकाच, क्वचित त्याहूनही घात गर्दी करते, हे नाशिकने भोगले आहे. २७ ऑगस्ट २००३, श्रावण अमावास्या, सिंहस्थाची पर्वणी. रामकुंडाकडे उतरणारा अरुंद रस्ता, दोन्हीकडे जुनी घरे, अडविलेला जमाव आणि मागून येणारा लोंढा. चेंगराचेंगरीत ३९ भाविकांचे प्राण गेले. पुण्य जोडायला आलेली ती माणसे. कारणे पुष्कळ सांगितली गेली, चौकशीही झाली. माझ्या अल्प अनुभवाचे एवढेच सांगतो की, हजारभर माणसे मांडीला मांडी लावून बसली असता दिवे गेले, तरी कीर्तनकाराचा आवाज चालू असेल तर कोणी जागचे उठत नाही. आवाज थांबला की मात्र कुजबूज सुरू होते, आणि कुजबुजीला पाय फुटतात. जमावाला पुढे काय चालले आहे हे कळत राहिले पाहिजे. ते सांगणारा एक परिचित, स्थिर आवाज ही दोरखंडाइतकीच आवश्यक सामग्री आहे.

त्या आघातातून हे नगर काही शिकले, हेही सांगितले पाहिजे. २०१५ च्या सिंहस्थात गर्दी एकाच कुंडावर लोटू नये म्हणून नदीच्या खालच्या अंगाला, टाकळी, नांदूर, दसक या बाजूंना नवे घाट बांधले गेले, आणि तेथील स्नानही गंगास्नानच, हे लोकांना पटविण्यात आले. शास्त्राला त्यात कोणतीच अडचण नव्हती. नदी जेथवर वाहते तेथवर ती तीर्थच आहे. अडचण सवयीची होती. त्याच वेळी नाशिकच्या एका शाळकरी मुलाने पावले मोजणारी चटई तयार केली. वाटेवर अंथरलेल्या त्या चटईवरून किती माणसे गेली हे क्षणोक्षणी कळे, आणि गर्दी दाटण्यापूर्वीच पुढची वाट रोखता येई. वारीला पाऊल आणि त्याचा ठेका यांचे अप्रूप असते. पाऊल मोजण्याने प्राण वाचू शकतात, हे त्या मुलाने दाखविले.

आता पुढचा सिंहस्थ येत आहे. पर्वस्नाने २०२७ मध्ये योजलेली असून त्यासाठी २०२५ साली स्वतंत्र प्राधिकरण स्थापण्यात आले. रस्ते, पूल, घाट यांची कामे मोठी आहेत. साधुग्रामासाठी तपोवनातली झाडे तोडण्यावरून त्याच वर्षी वादंगही माजले. पावसाचे पाणी धरून ठेवणारी ती झाडे तयारीच्या नावाखाली जाऊ नयेत, असे माझेही स्पष्ट मत आहे. पण मला खरी काळजी वाटते ती निराळीच. बारा वर्षांतून एकदा पाहुण्यांसाठी नगर शहाणे होते. मनोरे उभे राहतात, जीवरक्षक नेमले जातात, ध्वनिक्षेपक लागतात, प्रत्येक चौकाचा नकाशा तयार होतो. पर्व संपले की मांडवासारखे हे सारे उतरविले जाते. मधल्या अकरा पावसाळ्यांत मात्र येथेच राहणाऱ्या माणसाला त्याच्या नशिबावर आणि मारुतीवर सोपविले जाते.

म्हणून या दशहऱ्यात काठावरच्या देवस्थानांपुढे दोन-तीन साध्या गोष्टी ठेवतो. यांना निविदा लागत नाहीत. सायंकाळच्या आरतीला जमणाऱ्या मुलांना दुतोंड्या मारुतीपाशी न्यावे आणि २००८ चे पाणी कोठवर आले होते ते बोट दाखवून सांगावे. वाड्यांच्या भिंतींवर त्या पातळीची एक रेघ रंगवून खाली साल लिहावे. पूर्वरंगात अदत्तोपादानाचा अर्थ सांगताना कीर्तनकारांनी निळ्या आणि लाल रेषेचाही सांगावा; नव्या वसाहतींतल्या मंदिरांत तर अवश्य, कारण तेथील श्रोत्याला तो अन्यत्र कोणी सांगणार नाही. धर्मशाळांच्या विश्वस्तांनी वरचे मजले पावसाळाभर मोकळे ठेवावेत, आणि किल्ली कोणाकडे आहे ते दारावरच लिहावे. जुन्या गावात, काठालगतच्या वाड्यांतून, तळमजल्यावर एकटी राहणारी वृद्ध माणसे आहेत. मुले पुण्या-मुंबईला, काहींची त्याहून दूर. जिना चढणे त्यांना होत नाही, आणि मध्यरात्री भोंगा वाजला तरी कित्येकांना ऐकू जात नाही. त्यांची गल्लीवार यादी करावी आणि प्रत्येक नावापुढे, त्याला उचलून वर नेणाऱ्या दोन धडधाकट शेजाऱ्यांची नावे लिहावीत. दशमीच्या प्रसादाला सारी गल्ली एकत्र जमतेच. वही आणि पेन्सिल तेवढी बरोबर असू द्यावी.