कादवेच्या कांठचीं दगडी हत्यारें

दिंडोरीच्या आसपासच्या कोणत्याही ओढ्यांत उतरलें म्हणजे काळ्या दगडांबरोबर पांढरे, पिवळसर, तांबूस असे गुळगुळीत खडे पायांखालीं येतात. मुलें त्यांस गारगोट्या म्हणतात व अंधारांत एकीवर एक आपटून ठिणग्या पाहतात. आम्हांसही लहानपणीं त्यांचा असा नाद होता, कीं कादवेच्या पात्रांतून व कांठच्या शेतांतून वेंचून आणलेल्या दगडांनीं एक पत्र्याची पेटी भरून गेली होती. त्यांतील कांहीं दगड इतरांसारखे नव्हते. त्यांस धार होती, आणि ती कोणी मुद्दाम काढल्यासारखी दिसे. पुढें पुष्कळ वर्षांनीं पुराणवस्तुशास्त्र जाणणाऱ्या एका गृहस्थांस आम्हीं ती पेटी मोठ्या अभिमानानें दाखविली. त्यांनीं एकेक दगड उजेडाकडे धरून पाहिला, सतरा दगड बाजूला काढिले आणि म्हणाले, "हे मनुष्याच्या हातचे आहेत, यांत शंका नाहीं. कोठें सांपडले?" आम्ही म्हणालों, "कादवेच्या कांठीं." "कोणत्या गांवाजवळ? वाळूंत कीं दरडींत? दरडींत असल्यास किती खालीं?" यांपैकीं एकाही प्रश्नाचें उत्तर आम्हांस देतां आलें नाहीं. त्यांनीं दगड मुकाट्यानें परत पेटींत ठेविले. त्या वेळचा त्यांचा चेहरा आम्हांस अद्याप आठवतो. जागा ठाऊक नसल्यानें काय गेलें, हें समजावयास आम्हांस बराच काळ लागला. तें सांगण्याचा प्रस्तुत लेखांत विचार आहे.

आपला हा सर्व मुलूख ज्वालामुखीच्या रसाचा बनलेला आहे. सुमारें ६ कोटी ६० लक्ष वर्षांपूर्वीं पृथ्वीच्या पोटांतून वर आलेला रस थरावर थर पसरून थिजला, आणि त्यांतून आपले काळे डोंगर कोरले गेले. रस थिजतांना त्यांत बुडबुड्यांच्या पोकळ्या राहिल्या. त्यांत पाण्याबरोबर झिरपलेला गारेचा अंश सांचून अकीक, स्फटिक वगैरे गारगोटीचे नाना प्रकार तयार झाले. काळा दगड झिजून माती होते, गारगोटी झिजत नाहीं. म्हणून नदीच्या गोट्यांत ती शिल्लक राहते. याखेरीज काळ्या खडकांत भिंतीसारख्या घुसलेल्या अधिक कठीण दगडाच्या शिरा आढळतात. हत्यारें घडविणाऱ्या प्राचीन मनुष्यास हीं दोन्ही द्रव्यें दाराशींच मिळालीं.

परंतु एखादा दगड मनुष्यानें फोडला कीं नुसत्या पुरानें, हें ओळखावें कसें? जाड कांचेची दौत खालीं पडून तिच्या तळाचा टवका उडाला, तर तो टवका नीट पाहावा. आघात जेथें बसला तेथें आंतल्या अंगास लहानसा फुगवटा असतो, व त्यापासून शिंपल्याच्या पाठीवर असतात तशीं वलयें पसरत गेलेलीं दिसतात. गारगोटीचा टवकाही असाच उडतो. आतां पुराच्या लोंढ्यांतही दगडावर दगड आपटून टवके उडतात, हें खरें; पण लोंढा एकाच कडेवरून, एकाच कोनानें, मापून घेतल्यासारखे दहा-बारा टवके ओळीनें काढीत नाहीं. अशी ओळ दिसली म्हणजे तेथें हात होता व हाताच्या मागें मन होतें, असें समजावें. ही विद्या जगांतून अगदींच नाहींशी झालेली नाहीं. गुजराथेंत खंबायतेस अकीकाचे मणी करणारे कारागीर आहेत. ते दगड आधीं वाळवितात व तापवितात, मग जमिनींत रोवलेल्या लोखंडी टोंकदार सळईवर टेकवून शिंगाच्या हातोडीनें त्याचे बारीक टवके उडवितात. दगड कसा फुटतो हें समजून घेण्यासाठीं मोठमोठे संशोधक त्यांच्यापुढें जाऊन बसले आहेत. आपल्या दारीं पाट्याला टांकी लावावयास येणाऱ्या वडार बाईचा नेम पाहिला म्हणजेही या कामांत किती शिक्षण लागतें याची थोडी कल्पना येते. असो.

या हत्यारांकडे विद्वानांचें लक्ष जाऊन फार काळ लोटलेला नाहीं. ता. ३० मे १८६३ रोजीं भूगर्भशास्त्र खात्यांतील रॉबर्ट ब्रूस फूट यांस मद्रासेजवळ पल्लावरम् येथें एक घडलेला दगड मिळाला, आणि हिंदुस्थानांतील अश्मयुगाच्या अभ्यासास तेथून प्रारंभ झाला. नंतर दोनच वर्षांनीं, १८६५ सालीं, त्याच खात्यांतील वाइन यांस आपल्या गोदावरीच्या तीरावर पैठणजवळ मुंगी येथें जुन्या गोट्यांच्या थरांत अकीकाचा एक टवका आढळला. पुढें पाऊण शतक या बाजूस फारसें कोणी फिरकलें नाहीं. मग पुण्याच्या डेक्कन कॉलेजांतील डॉ. हसमुख धीरजलाल सांकळिया आले. हे मूळचे प्राचीन विद्या व शिल्प यांचे अभ्यासक; नालंदा विद्यापीठावर त्यांचें पुस्तक आहे. परंतु एकदां दगडांनीं मनुष्यास धरलें म्हणजे सोडीत नाहींत. निफाडजवळील गोदावरी व कादवा यांच्या पाहणीवरचा त्यांचा निबंध १९४३ सालीं प्रसिद्ध झाला. आपल्या तालुक्यांत उगम पावणाऱ्या नदीचें नांव त्या शास्त्राच्या वाङ्मयांत असें आलें आहे, हें आमच्या किती विद्यार्थ्यांस ठाऊक असेल? नंतर नाशिकच्या पश्चिमेस गंगापूर येथें गोदेच्या जुन्या थरांत हातकुऱ्हाडी व फरशीसारख्या रुंद धारेचीं हत्यारें मिळालीं, व १९५२ सालीं गोदावरीच्या पुराश्मयुगीन हत्यारांवर त्यांचा स्वतंत्र ग्रंथ निघाला.

आतां त्या गृहस्थांच्या प्रश्नांकडे वळूं. नदी आपल्या कांठीं गोटे, वाळू व गाळ यांचे थर एकावर एक टाकीत जाते. पुढें पात्र खोल गेलें म्हणजे ते थर दरडींत उघडे पडतात. अर्थात् खालचा थर आधींचा, वरचा नंतरचा. प्रवरेच्या तीरावरील नेवासें आमच्या वाचकांस ज्ञानेश्वरीमुळें परिचित आहे. तेथें सांकळिया व त्यांचे सहकारी यांनीं १९५४ पासून खोदकाम केलें. खालच्या गोट्यांच्या थरांत काळ्या कठीण दगडाचीं मोठीं हत्यारें मिळालीं. वरच्या थरांत गारगोटीच्या जातीच्या दगडांचीं लहान हत्यारें, म्हणजे कातडें खरवडण्याचीं, भोंकें पाडण्याचीं अशीं निघालीं. मनुष्याची राहणी कशी पालटली हें त्यावरून कळलें. आतां हींच हत्यारें कोणीं एका पेटींत भरलीं असतीं तर? आधींचें कोणतें व नंतरचें कोणतें, हें ब्रह्मदेवासही सांगतां आलें नसतें. आमच्या पेटींत नेमकें हेंच झालें होतें.

काळ ठरविण्याच्या रीतीही जागेवरच अवलंबून आहेत. कोळसा व हाडें यांवरून सुमारें ५० हजार वर्षांपर्यंतचाच काळ मोजतां येतो. त्यापलीकडे जावयाचें तर एक चमत्कारिक रीत आहे: हत्यारासभोंवतीं असलेल्या वाळूच्या कणांनीं सूर्यप्रकाश शेवटचा केव्हां पाहिला, हें प्रयोगशाळेंत काढितां येतें. त्यासाठीं ती वाळू तोंपर्यंत अंधारांतच राहिली पाहिजे. आपण हौसेनें दगड उपटला कीं ती साक्ष बुडाली. अशा निरनिराळ्या रीतींनीं मद्रासजवळ अत्तिरमपक्कम येथील हातकुऱ्हाडी सुमारें १५ लक्ष वर्षांच्या जुन्या असल्याचें २०११ सालीं प्रसिद्ध झालें. आफ्रिकेंत केनिया देशांत तर ३३ लक्ष वर्षांपूर्वींचे घडलेले दगड मिळाले आहेत.

हीं हत्यारें करणारे लोक कसे होते? हातकुऱ्हाडींच्या काळच्या मनुष्यांचीं हाडें आपल्या देशांत जवळजवळ नाहींतच. १९८२ सालीं अरुण सोनकिया यांस नर्मदेच्या कांठीं हथनोरा येथें कवटीचा एक भाग मिळाला, ती त्यांपैकीं प्रमुख भेट. म्हणून त्यांची बुद्धि आपणांस दगडांतच वाचावी लागते. नेवाशाजवळ चिरकी येथें गुद्रुन कॉर्विनस या विदुषीनें १९६६ ते १९६९ या काळांत खोदकाम केलें, तेव्हां मोठ्या धोंड्यांमध्यें हत्यारें जेथल्या तेथें पडलेलीं आढळलीं. आधीं मोठ्या दगडाचा रुंद टवका काढावयाचा, मग त्यास दोन्ही अंगांनीं सारखा घडवावयाचा. शेवटचा आकार मनांत धरल्यावांचून पहिला घाव घालतां येत नाहीं. अशा माणसांस रानटी म्हणून हिणविणें आम्हांस योग्य वाटत नाहीं. पुष्कळ नंतरच्या, सुमारें २५ हजार वर्षांपूर्वींच्या लोकांनीं चाळीसगांवजवळ पाटणें येथें शहामृगाच्या अंड्याच्या कवचावर रेषांची नक्षी कोरलेली आहे. ज्या खानदेशांत आज शहामृग औषधास मिळणार नाहीं, तेथें तेव्हां तो पक्षी होता व त्याच्या अंड्यावर नक्षी काढणारा मनुष्यही होता.

तांबें आल्यावरही दगड सुटला नाहीं, कारण तांबें थोडें होतें. जुन्या नाशकांतील मातीच्या गढींत १९५०-५१ सालीं सांकळिया व शां. भा. देव यांनीं खोदकाम केलें, तेव्हां अगदीं तळच्या वस्तीच्या थरांत रंगीत मडक्यांच्या तुकड्यांबरोबर गारगोटीचीं बारीक पातीं निघालीं. संगमनेरजवळील जोर्वे येथेंही तोच प्रकार. घोड नदीच्या कांठीं इनामगांव येथें १९६८ ते १९८३ पर्यंत खोदकाम चाललें, व त्यांत हे शेतकरी लोक घरादारासह पुढें आले. हे जव पिकवीत, दगडी पातीं लांकडांत बसवून विळे करीत. आणि त्यांचें मूल मेलें, तर दोन करड्या मडक्यांचीं तोंडें एकमेकांस लावून त्यांत त्याला ठेवीत व तें घराच्याच जमिनीखालीं पुरीत. दूर नेऊन ठेवावयास त्यांचें मन होत नसावें. त्या मडक्यांजवळ पडलेलें एखादें पातें पुरणाऱ्यांच्या हातचें कीं नुसतें मातींत आलेलें, हा प्रश्नसुद्धां तें कोठें व कसें पडलें होतें हें पाहूनच सुटतो.

एक गोष्ट कबूल करावयाची राहिली. गवत किंवा धान्याचीं ताटें कापणाऱ्या पात्याच्या धारेवर एक विशेष झळाळी चढते. सूक्ष्मदर्शक यंत्रांतून ती पाहून पात्याचा उपयोग कळतो. आम्ही आमचे दगड ब्रशानें घांसून, वर खोबरेल तेल लावून चकचकीत ठेवीत असूं! म्हणजे जागा गेली होतीच, झळाळीचा पुरावाही आम्हींच घालविला.

आज गंगापुराजवळ धरणाचें पाणी पसरलेलें आहे. कादवेवर करंजवण व पालखेड येथें धरणें झालीं. द्राक्षबागांसाठीं कांठच्या जमिनी यंत्रांनीं सपाट होत आहेत, व वाळू गाड्या भरभरून जाते. त्यांतच कुटुंबांचें पोट आहे, म्हणून त्याविरुद्ध बोलण्याचा आमचा हेतु नाहीं. परंतु शेत सपाट करतांना किंवा विहीर खणतांना अशी धार दिसली, तर पालकांनीं घटकाभर काम थांबवावें. दगड हलवूं नये; त्याच्याजवळ एक नाणें ठेवून छायाचित्र घ्यावें, दरडीचेंही घ्यावें; गांव, शेताचा गट नंबर, जमिनीपासूनची खोली व तारीख लिहून ठेवावी, आणि शाळेंत कळवावें. पुढें तें डेक्कन कॉलेजाकडे कळविण्याचें काम आमचें. विद्यार्थ्यांनीं तर दगड खिशांत घालण्याचा मोह सर्वस्वीं टाळावा.

आमची पेटी आतां शाळेच्या कपाटांत आहे. ते सतरा दगड वेगळ्या खोक्यांत ठेविले असून खालीं चिठ्ठी लाविली आहे: "कादवेचा कांठ. गांव, थर व खोली यांची नोंद नाहीं. तेल लाविलेले."