पाटील कारखान्यावर गेला

पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात ‘सांगत्ये ऐका’ तब्बल १३१ आठवडे चालला. अनंत माने यांचा हा चित्रपट १९५९चा. फड, ढोलकी, फेटेवाला पाटील आणि नाचणारीची परवड हा तमाशापटांचा साचा त्यानंतर मराठी निर्मात्यांना असा काही चिकटला की सुटता सुटेना. मान्यांनीच ‘सवाल माझा ऐका’ (१९६४) आणि ‘केला इशारा जाता जाता’ (१९६५) काढले. जयश्री गडकर, लीला गांधी यांच्या नावावर तंबू भरायचे.

अमेरिकेत घोडा, पिस्तूल आणि शेरीफ यांचे वेस्टर्नपट असेच गाजले आणि १९८०च्या ‘हेवन्स गेट’च्या दणदणीत अपयशापर्यंत येता येता त्यांची सद्दी संपत आली. पण तिथला तो मुलूख केव्हाच इतिहासजमा झाला होता. आपल्याकडचं गाव प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत बदलत होतं.

व्ही. शांताराम यांचा रंगीत ‘पिंजरा’ १९७२ साली आला. तोच या प्रकाराचा कळस. त्याच्या वर्षभर आधी ‘सोंगाड्या’त दादा कोंडक्यांनी तमाशाच्या नादाला लागलेला भोळसट नाम्या उभा केला होता, म्हणजे शोकांतिकेचं हसं आधीच सुरू झालेलं!

खरा घाव मात्र १९७५च्या ‘सामना’ने घातला. विजय तेंडुलकरांची पटकथा, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन. ‘एक गाव बारा भानगडी’तून पडद्यावर आलेले निळू फुले इथे हिंदुराव धोंडे-पाटील झाले: साखर कारखाना, जीपगाड्या आणि सहकाराची सगळी सूत्रं मुठीत. गावावरची हुकमत वाड्यातून कारखान्यावर गेली, आणि बारीला पुढे बसून मिशीला पीळ देणारा पाटील एकदम जुनाट दिसू लागला. १९८८च्या ‘अशी ही बनवाबनवी’त तर मराठी सिनेमाची मोठी अडचण पुण्यात भाड्याची खोली मिळवणं ही होती.

मराठवाड्याला या साच्यात जागा कमीच. पडद्यावरचं गाव बोलायचं ते कोल्हापूर-साताऱ्याच्या वळणाने. औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, रंगभूमीवरून आलेले मकरंद अनासपुरे मराठवाडी बोली घेऊन नायक झाले, ते पार पुढच्या शतकात. २००७चा त्यांचा ‘गाढवाचं लग्न’ मूळ वगनाट्यावरचाच, पण विनोदी.

‘नटरंग’ने (२०१०) नाच्याचं दुःख मांडलं आणि अजय-अतुलची गाणी घरोघरी पोचवली. २०२२च्या ‘चंद्रमुखी’त नर्तकीच्या प्रेमात पडतो तो गावचा पाटील नव्हे, राजकीय पुढारी. दोन्हींच्या लावण्या गाजल्या. तमाशापटांची लाट काही परत आली नाही.