जकातीची भिंत : आत कोण आणि बाहेर कोण?



साखरेच्या आयातीवर कर बसला, निर्यात थांबली किंवा सुरू झाली अशी बातमी आली की गव्हाणीपासून पारापर्यंत तिचीच चर्चा चालते. कोणी म्हणतो, "बाहेरची साखर बंद करा म्हणजे आपला ऊस तरला." कोणी म्हणतो, "सरकारला शहरातल्या माणसाचीच काळजी." दोन्ही बोलण्यांत तथ्य आहे, पण दोन्ही अर्धीच आहेत. हा वाद आजकालचा नाही. विलायतेत तो धान्यावरून झाला, आपल्याकडे कापडावरून, काडेपेटीवरून आणि शेवटी साखरेवरून झाला. त्यात कोणी काय कमावले व काय गमावले हे आपल्या सभासदांना ठाऊक असावे म्हणून हा लेख देत आहोत.

विलायतेतील धान्याचा कायदा

नेपोलियनशी चाललेली लढाई १८१५ साली संपली. लढाईच्या काळात बाहेरचा गहू येणे अवघड झाले होते, त्यामुळे इंग्लंडमध्ये भाव चढे होते. लढाई संपताच भाव कोसळतील या भीतीने पार्लमेंटने त्याच वर्षी कायदा केला. देशातील गव्हाचा भाव क्वार्टरला ८० शिलिंग होईपर्यंत परदेशी गहू बाजारात येऊ द्यायचा नाही, असा तो कायदा. क्वार्टर हे तिकडचे माप, गव्हाचे दोन क्विंटलांहून थोडे जास्त. १८२८ साली यात बदल करून चढउताराचा कर आणला. भाव उतरला की कर जास्त, भाव चढला की कर कमी.

आता असं बघा, वरवर हा कायदा शेतकऱ्याच्या हिताचा दिसतो. पण त्या वेळी इंग्लंडात जमीन होती मोठ्या जमीनदारांची, आणि पार्लमेंटमध्ये बसत तेही बहुतेक तेच. जमीन कसणारा होता खंडकरी आणि त्याच्या हाताखाली मजूर. रिकार्डो नावाच्या अर्थशास्त्रज्ञाने तेव्हाच सांगितले की धान्याचा भाव वाढला की खंड वाढतो, म्हणजे वाढीव पैसा शेवटी जमीनदाराच्या घरात जातो. माल्थस या दुसऱ्या मोठ्या अर्थशास्त्रज्ञाचे मत उलट होते. देशाने आपले धान्य आपणच पिकवावे, पोटासाठी दुसऱ्याच्या तोंडाकडे बघू नये, असे तो म्हणे. ही दोन्ही मते आज दोनशे वर्षांनीही जशीच्या तशी ऐकू येतात.

कायद्याविरुद्ध मोठी चळवळ उभी राहिली ती मँचेस्टरात, १८३८-३९ च्या सुमारास. रिचर्ड कॉब्डेन आणि जॉन ब्राइट हे तिचे पुढारी, आणि दोघेही कापडाच्या धंद्यातले. धान्य स्वस्त झाले तर गरिबाची भाकरी मोठी होईल, हा त्यांचा प्रचार. तो खोटा नव्हता. पण कामगारांच्या पुढाऱ्यांना शंका होती, की भाकरी स्वस्त झाली म्हणजे गिरणीमालक मजुरीही उतरवतील. ती शंकाही निराधार नव्हती.

१८४५ साली आयर्लंडमध्ये बटाट्यावर रोग पडला. तिथल्या गरिबाचे सारे पोट बटाट्यावर. उपासमार सुरू झाली, तेव्हा पंतप्रधान सर रॉबर्ट पील याने स्वतःच्याच पक्षाच्या विरोधात जाऊन हा कायदा रद्द करण्याचे विधेयक आणले. जून १८४६ मध्ये ते मंजूर झाले आणि त्याच रात्री दुसऱ्या एका विधेयकावर त्याचे सरकार पडले.

पुढे काय झाले? पहिली वीस-पंचवीस वर्षे भाव फारसे पडले नाहीत. मग अमेरिकेत आगगाड्या आतवर पोहोचल्या, आगबोटी आल्या, सुवेझचा कालवा १८६९ साली खुला झाला. आपल्याकडच्या सरकारने १८७३ साली गव्हावरचा निर्यातकर काढला आणि हिंदुस्थानचा गहूही तिकडे जाऊ लागला. १८९४ साली इंग्लंडमध्ये गव्हाचा सरासरी भाव क्वार्टरला २३ शिलिंगांच्या खाली आला. कोठे ८० आणि कोठे २३! शहरातला मजूर पोटभर जेवू लागला, पण गहू पिकवणारे कित्येक देशोधडीला लागले.

तोच न्याय हिंदुस्थानला?

मँचेस्टरवाल्यांनी मुक्त व्यापार हा जणू धर्मच केला आणि तो आपल्यावरही लादला. मुंबईत गिरण्या निघू लागल्या तशी विलायती कापडावरची जकात त्यांना खुपू लागली. १८७९ साली व्हाइसरॉय लिटन यांनी आपल्या कौन्सिलातील बहुमत डावलून जाड्याभरड्या कापडावरची जकात काढली. १८८२ साली बहुतेक सर्व आयातकर गेले. १८९६ साली विलायती कापडावर साडेतीन टक्के जकात ठेवली, पण देशी गिरणीच्या कापडावरही तेवढाच अबकारी कर बसवला. हा कर १९२५ साली थांबला.

१८७६ ते १८७८ च्या दुष्काळात पुणे, नगर, सोलापूर, सातारा हे जिल्हे होरपळले, तेव्हाही धान्याच्या खासगी व्यापारात हात घालायचा नाही हेच सरकारी धोरण होते. इंग्लंडमध्ये गरिबाला भाकरी मिळावी म्हणून निघालेले तत्त्व इकडे भुकेल्याच्या आड आले. न्यायमूर्ती रानडे यांनी १८९२ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात व्याख्यान देऊन हेच बजावले, की अर्थशास्त्राचे नियम सर्व देशांना आणि सर्व काळांना सारखे लागू पडत नाहीत. देशाची परिस्थिती पाहूनच धोरण ठरवावे लागते.

साखरेची गोष्ट याहून बोलकी. १८४६ साली, धान्याचा कायदा गेला त्याच वर्षी, इंग्लंडने साखरेवरची जकात परदेशांना आणि वसाहतींना समान करण्याचे ठरवले. क्यूबा-ब्राझीलची गुलामांच्या श्रमाची साखर आणि बंगालची साखर एकाच तागडीत आली. पुढे जर्मनी, ऑस्ट्रिया वगैरे देशांनी आपल्या बीटच्या साखरेला निर्यातीसाठी सरकारी बक्षिसी देऊन ती जगभर ओतली. हिंदुस्थानात तिचा इतका मारा झाला की १८९९ साली लॉर्ड कर्झन यांच्या सरकारला त्या साखरेवर तोडीस तोड जकात बसवावी लागली. ते दार थोडे लागले तोवर जावाची साखर दुसऱ्या दाराने आत आली.

१९११ साली कायदे कौन्सिलात पंडित मदनमोहन मालवीय यांनी साखरेवरील आयातकर वाढवण्याचा ठराव आणला. नामदार गोखले त्यावर बोलले. संरक्षणाला त्यांचा विरोध नव्हता. पण त्यांनी योग्य संरक्षण आणि चुकीचे संरक्षण असा भेद केला. उद्योग वाढेल पण बड्या मालकांची टोळी जमून सर्वसामान्यांना लुबाडणार नाही, असे संरक्षण त्यांना हवे होते. सभासदांनी हा भेद मनात पक्का ठेवावा. पुढची सगळी हकीकत त्यावरच उभी आहे.

अंबरनाथची काडेपेटी

कल्याणहून कर्जतकडे जाणाऱ्या गाडीत बसलात तर विठ्ठलवाडी, उल्हासनगर आणि मग अंबरनाथ लागते. अकराव्या शतकातील शिवमंदिरासाठी हे गाव प्रसिद्ध. पण आपल्या विषयाचा सर्वांत सोपा धडा मिळतो तो तिथल्या काडेपेटीच्या कारखान्यात.

१९२२ साली सरकारने परदेशी काडेपेट्यांवरची जकात ग्रोसला बारा आण्यांवरून दीड रुपया केली. ग्रोस म्हणजे बारा डझन पेट्या. हेतू देशी उद्योग वाढवण्याचा नव्हता, तिजोरी भरण्याचा होता. त्या वेळी काडेपेटीच्या जागतिक व्यापारात स्वीडनच्या इव्हार क्रूगर यांच्या कंपनीचा दबदबा होता. तिने काय केले? बाहेर राहून कर भरण्यापेक्षा भिंतीच्या आतच घर बांधले. १९२३ साली वेस्टर्न इंडिया मॅच कंपनी, म्हणजे आपण 'विम्को' म्हणतो ती, निघाली आणि अंबरनाथला तिचा कारखाना उभा राहिला. मुंबई बंदर जवळ, रेल्वे दारात. गावाला रोजगार मिळाला, कसबी कामगार तयार झाले, हे खरेच. पण देशी काडेपेटीवाल्यांची तक्रार अशी, की परदेशी माल थांबवायला भिंत घातली आणि परदेशी मालकच आत येऊन बसला. टॅरिफ बोर्डाने चौकशी केली, १९२८ साली ती जकात संरक्षक म्हणून कायम झाली. विम्को आतच राहिली.

यातून बोध काय? जकातीची भिंत माल अडवते. भिंतीच्या आत मालक कोण असावा हे ती ठरवत नाही.

साखरेची भिंत

सर इब्राहिम रहिमतुल्ला यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने १९२२ साली निवडक धंद्यांना पारखून संरक्षण द्यावे अशी शिफारस केली. टॅरिफ बोर्डाने साखरेची चौकशी केली. १९३१ साली साखरेवरची जकात हंड्रेडवेटला, म्हणजे सुमारे ५१ किलोंना, सव्वासात रुपये झाली आणि त्याच वर्षी वर पंचवीस टक्के अधिभार पडून ती नऊ रुपये एक आण्यावर गेली. १९३२ साली साखर उद्योग संरक्षण कायदा झाला.

परिणाम झपाट्याने दिसला. देशात तीसेक कारखाने होते, ते पाच वर्षांत १३० च्या वर गेले. साखर दीड लाख टनांच्या आसपास होत होती, ती अकरा लाख टनांपर्यंत पोहोचली. जावाची साखर जवळजवळ थांबली. आपल्याकडे रावळगाव, माळीनगर, वालचंदनगर हे कारखाने याच काळात उभे राहिले. माळीनगरचे विशेष असे, की सासवडच्या माळी बागाईतदारांनी स्वतः भांडवल घालून तो काढला.

पण ऊसवाल्याचे काय? १९३२ च्या कायद्यात कारखान्याला परदेशी साखरेपासून संरक्षण होते, पण ऊस पिकवणाऱ्याला कारखान्यापासून नव्हते. ऊस तोडला की लगेच गाळायला हवा, थांबला तर वजन आणि उतारा दोन्ही घटतात. असा माल हातात घेऊन शेतकरी भाव काय पाडून मागणार? १९३४ साली उसाचा किमान दर ठरवण्याचा अधिकार प्रांतांना देणारा कायदा झाला. त्याच वर्षी सरकारने साखरेवर अबकारी बसवली, हंड्रेडवेटला एक रुपया पाच आणे. गंमत म्हणजे काडेपेटीवरही अबकारी त्याच साली बसली. भिंतीच्या आत पीक वाढले की सरकारही आपला वाटा मागायला येते. पुढे साखर जास्त झाली, भाव उतरले, आणि १९३७ साली कारखानदारांनी विक्रीसाठी आपले सिंडिकेट केले. गोखल्यांनी सांगितलेला धोका तो हाच.

दख्खनच्या कालव्यांवर आणखी एक प्रकार झाला. खासगी कारखान्यांनी शेतकऱ्यांच्या जमिनी खंडाने घेऊन स्वतःच ऊस लावला. विलायतेत जमीनदार खंड घेऊन श्रीमंत झाला. इथे जमिनीचा धनी थोडासा खंड घेऊन बांधावर उभा राहिला आणि संरक्षणाची मलई कंपनीने खाल्ली. तेव्हा जमीन कोणाची एवढे बघून भागत नाही. धुराडे कोणाचे हेही बघावे लागते.

याचे उत्तर त्या वेळच्या नगर जिल्ह्यात सापडले. विठ्ठलराव विखे पाटील यांनी गावोगाव फिरून शेतकऱ्यांचे भाग गोळा केले, अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ अध्यक्ष झाले, वैकुंठभाई मेहतांनी पाठबळ दिले आणि १९५०-५१ च्या हंगामात प्रवरेचे पहिले गाळप झाले. लक्षात घ्या, साखरेचे जुने संरक्षण १९५० सालीच संपले होते. म्हणजे सहकारी कारखाना भिंतीच्या भरवशावर उभा राहिला नाही. तो सभासदाच्या मालकीवर उभा राहिला.

आजचे काय?

भिंत अजून वरखाली होतेच. १९९४ साली साखरेची आयात खुली करून जकात शून्यावर आणली. २०१८ साली ती १०० टक्के केली. २०२२ साली गव्हाची निर्यात बंद झाली आणि साखरेच्या निर्यातीवर बंधने आली. ऑगस्ट २०२३ मध्ये कांद्यावर ४० टक्के निर्यातकर बसला, तेव्हा नाशिकच्या शेतकऱ्याने काय सोसले हे सांगायला नको. आयातकर पिकवणाऱ्याच्या बाजूने ओढतो, निर्यातबंदी खाणाऱ्याच्या बाजूने. दोन्ही दोऱ्या सरकारच्याच हातात.

खाणाऱ्यालाही आपण वैरी समजू नये. साखर आपण विकतो, पण डाळ, तेल आणि गहू विकत घेतो. इंग्लंडमधल्या मजुराचा प्रश्न आपल्या ऊसतोड मजुराचाही आहे.

म्हणून जकातीची बातमी आली की सभासदांनी तीन प्रश्न विचारावेत असे आम्ही सुचवतो. भाव वाढला तर वाढीव पैसा कोठे जाऊन थांबणार? भिंतीच्या आत मालक कोण आहे? आणि उद्या भिंत पडली तर आपला उतारा आणि आपला उत्पादन खर्च आपल्याला तारील का?

पहिल्या दोन प्रश्नांचे उत्तर सहकारात आहे, पण कागदावर भाग घेऊन ते आपोआप मिळत नाही. ऊस नियंत्रण आदेश, १९६६ प्रमाणे चौदा दिवसांत पैसे मिळण्याचा आपला हक्क आहे. तो माहीत असणाऱ्यालाच उपयोगी पडतो. वार्षिक अहवालात गाळप, उतारा, व्याज आणि प्रक्रिया खर्च यांचे आकडे छापलेले असतात. ते वाचून सर्वसाधारण सभेला यावे, समजले नाही ते उभे राहून विचारावे. तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर प्रत्येकाच्या शेतात आहे. बेणे चांगले, पाणी बेताचे, ऊस ताजा आणि स्वच्छ, एवढे सांभाळले तर दिल्लीत भिंत चढो की उतरो, आपला पाया हलणार नाही.