‘विदर्भ’ लिहिताना पडद्यामागे काय होतं?

संगणकावर ‘विदर्भ’ हा शब्द लिहा पाहू. किती अक्षरं झाली? तीन, असं तुम्ही चटकन सांगाल. पण संगणकाच्या स्मरणात मात्र सहा चिन्हं बसलेली असतात : व, पहिली वेलांटी, द, र, पाय मोडायची खूण आणि भ. आपण बोलतो त्याच क्रमाने, एका रांगेत!

आता पडद्याकडे बघा. वेलांटी ‘व’च्या आधी जाऊन उभी राहिली आहे. आणि तो ‘र’? तो टुणकन उडी मारून ‘भ’च्या डोक्यावर रफार होऊन बसलाय. रांगेतली ही उलटापालट कोणी केली? तुम्ही तर केली नाही. तुम्ही ज्यात लिहिलं त्या प्रोग्रॅमनेही बहुधा केलेली नसते. त्याने ती दुसऱ्याकडून करून घेतली!

फळ्यावर वर्तुळ काढायचा मोठा लाकडी कंपास आठवा. प्रत्येक वर्गाला वेगळा कंपास कोण घेऊन देणार? शाळेत एकच असतो, ऑफिसात ठेवलेला. ज्या वर्गाला लागेल त्याने आणायचा, काम झालं की परत ठेवायचा. संगणकातही अशी सामाईक सामग्री असते. विंडोजमध्ये तिच्या फायलींना ‘डीएलएल’ म्हणतात, म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. प्रोग्रॅम चालू असताना लागेल तेव्हा तिला हाक मारतो. लिनक्समध्येही अशा फायली असतात. तिथे त्यांच्या नावात ‘.एसओ’ असतं.

मराठीची वेलांटी आणि रफार जागेवर बसवणारी विंडोजमधली फाईल म्हणजे ‘यूएसपी१०.डीएलएल’. विंडोज २०००पासून देवनागरीची सोय आली. सोबत ‘मंगल’ नावाचा फॉन्ट आला. तो मुंबईचे अक्षररचनाकार र. कृ. जोशी यांनी घडवला होता. पण नुसता फॉन्ट असून भागत नाही, बरं का! २००१ साली आलेल्या विंडोज एक्सपीमध्ये कंट्रोल पॅनलात जाऊन एका चौकटीत खूण करावी लागे आणि सीडी घालून ही सोय बसवावी लागे. ते राहिलं, की मराठीच्या जागी रिकामे चौकोन यायचे, किंवा वेलांट्या भलत्या अक्षरापाशी जाऊन बसायच्या. लिहिणाऱ्याचं शुद्धलेखन बिनचूक, आणि पडद्यावर मात्र खिचडी! त्या काळी कितीतरी लोकांचा समज झाला, की संगणकावर मराठी नीट येतच नाही. दोष मराठीचा नव्हताच. सामाईक कंपास ऑफिसातून आणलेलाच नव्हता, एवढंच.

आणखी एक गंमत. प्रोग्रॅम अशी फाईल शोधतो तेव्हा साधारणपणे आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतो, मग विंडोजच्या फोल्डरमध्ये. मायक्रोसॉफ्ट ऑफिस २००३ तर याच फाईलची आपली वेगळी प्रत घेऊन यायचं. त्यामुळे एकाच संगणकावर वर्डमध्ये मराठी एक दिसेल आणि नोटपॅडमध्ये जरा निराळं, असंही घडू शके.

पण सामाईक वस्तूची भांडणंही असतातच की! समजा, सातवीच्या वर्गाने नवा कंपास आणला आणि जुना फेकून दिला. नव्यात जाड खडू बसतच नाही. सातवीचं काम झालं, पाचवीचं अडलं! विंडोज ९५ आणि ९८च्या दिवसांत असंच व्हायचं. नवा प्रोग्रॅम टाकताना तो सामाईक फाईल बदलून जाई, आणि कालपर्यंत धडधाकट चालणारा जुना प्रोग्रॅम आज उघडेना. या त्रासाला लोकांनी नावच ठेवलं, ‘डीएलएल हेल’, म्हणजे डीएलएलचा नरक! पुढे विंडोज २०००ने आपल्या महत्त्वाच्या फायलींवर पहारा बसवला. एक्सपीपासून एकाच फाईलच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारीशेजारी ठेवायची सोयही झाली.

आजही एखादा खेळ उघडताना ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडली नाही’ अशा अर्थाची इंग्रजी पाटी येते. तेव्हा घाबरून संगणक लगेच बर्डीवरच्या दुकानात नेऊ नका. आधी फाईलचं नाव वहीत नीट उतरवून घ्या. मग मोह होतो तो टाळा. इंटरनेटवर नुसती तेवढीच डीएलएल फुकट देणारी ठिकाणं सापडतात. तिथून काही घेऊ नका! डीएलएल म्हणजे चित्र नव्हे की गाणं नव्हे, तो चालणारा प्रोग्रॅमच असतो. आत विषाणू असला तर तुम्हीच त्याला दार उघडून दिलं, असं होईल.

शिवाय ती चुकीच्या जातीची निघू शकते. ६४ बिटच्या विंडोजमध्ये ६४ बिटच्या फायली ‘सिस्टिम३२’ फोल्डरमध्ये राहतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवॉव६४’मध्ये. आहे की नाही उलटा कारभार? मोठेही इथे फसतात.

मग करायचं काय? तो प्रोग्रॅम काढून पुन्हा बसवून बघा. वरच्या नावाची फाईल मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ या संचात असते. तो संच मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्यावा. प्रोग्रॅम ३२ बिटचा असेल तर ३२ बिटचा संच लागतो, मग विंडोज ६४ बिटची का असेना. विंडोजचीच फाईल बिघडली असेल तर ‘एसएफसी /स्कॅननाउ’ ही आज्ञा इंग्रजी अक्षरांत द्यावी लागते. हे काम मात्र घरच्या मोठ्यांना किंवा संगणकाच्या सरांना शेजारी बसवून करा. अँटिव्हायरसने फाईल उचलून बाजूला ठेवलीय का, तेही त्यांनाच बघायला सांगा.

आता नोटपॅड उघडून पुन्हा ‘विदर्भ’ लिहा आणि बॅकस्पेसचं बटण एकेकदा दाबत जा. आधी ‘भ’ जाईल आणि डोक्यावरचा रफार खाली उतरून पाय मोडका ‘र्’ होईल. मग त्याचा पाय नीट होईल. पुढे ‘विद’, मग ‘वि’. सगळा शब्द पुसायला बटण किती वेळा दाबावं लागलं, ते मोजा!